स्कॉटिश लोकसंगीत गटाचा पहिला अल्बम कसा ऐकावा

अशा गटाच्या पहिल्या अल्बममध्ये बहुधा परंपरेकडून मिळालेल्याच धुना आणि गाणी असतात. त्यामुळे नवे काय रचले यापेक्षा जुने कसे जोडले, हे आधी पाहावे. पश्चिम स्कॉटलंडमधील ओबान या गावातल्या शाळकरी मुलांमधून उभ्या राहिलेल्या ‘कॅपरकेली’चा १९८४ मधील ‘कॅस्केड’ त्यासाठी घेता येईल.

सुरुवात वाद्यसंगीताच्या ट्रॅकपासून करावी. तेथे दोन-तीन धुना न थांबता एकापाठोपाठ वाजतात आणि त्या मालिकेला ‘सेट’ म्हणतात. जिग, रील आणि स्ट्रॅथस्पे हे त्यातले नाचाच्या धुनांचे प्रकार. जिगची चाल सहाच्या गतीत, तीन-तीनच्या गटांनी झुलते, रील चारच्या सपाट वेगात धावते, तर स्ट्रॅथस्पेमध्ये आखूड स्वरावर आघात देऊन लगेच लांब स्वरावर जाणारा झटका येतो, तो ‘स्कॉच स्नॅप’. एक धून संपून दुसरी सुरू होते तो क्षण दोनदा तरी ऐकावा, कारण गटाची खरी तयारी तेथेच कळते.

बॅगपाइप असल्यास अधिक वेळ द्यावा. हायलँड बॅगपाइपच्या चँटरला, म्हणजे बोटांनी वाजवायच्या नळीला, नऊच स्वर असतात, त्यातून निघणारा नाद मध्ये तोडता येत नाही आणि आवाज लहान-मोठाही करता येत नाही. म्हणून सारखे दोन स्वर वेगळे दाखवायला वादक त्यांच्यामध्ये निमिषभराचे कणस्वर पेरतो. मागे तीन ड्रोन, म्हणजे एकच स्वर सतत देणाऱ्या नळ्या, षड्ज धरून असतात, आणि निषाद कोमल असल्याने आपल्या कानाला खमाज थाटाचा भास होतो. फिडल म्हणजे व्हायोलिन वाजवणाराही पुष्कळदा हेच अलंकार उचलतो.

गाण्यांची भाषा गेलिक आहे की स्कॉट्स, हे आधी पाहून घ्यावे. या दोन सर्वस्वी वेगळ्या भाषा आहेत. स्कॉटलंडच्या पश्चिमेकडील हेब्रिडीज बेटांवर बायका ओले लोकरी कापड घट्ट करण्यासाठी मेजावर आपटताना ‘वॉकिंग’ (waulking) गाणी म्हणत. जात्यावरच्या ओवीसारखी तीही श्रमाच्या लयीवर बेतलेली. एकीने ओळ म्हणायची आणि बाकीच्यांनी ध्रुवपद उचलायचे, अशी त्यांची रीत. त्या ध्रुवपदात पुष्कळदा निरर्थक अक्षरेच असतात, तेव्हा भाषांतर शोधत बसू नये, फक्त ठोका धरावा.

शेवटी अल्बमसोबतची टिपणे वाचावीत. ‘पारंपरिक’ असे लिहिलेले एखादे गाणे निवडून ते ‘टोबर आन दुआलखश’ (Tobar an Dualchais) या स्कॉटलंडच्या ऑनलाइन ध्वनिसंग्रहात शोधावे. तेथे ते बहुधा साथीविना, एकट्या आवाजात भेटते, आणि मग अल्बमकडे परतल्यावर गटाने त्यात काय घातले ते वेगळे ऐकू येते.