ओटा बेंगावरचा माहितीफलक कसा लिहावा

ओटा बेंगा हा काँगोतून अमेरिकेत नेलेला आफ्रिकी माणूस; न्यूयॉर्कच्या ब्राँक्स प्राणिसंग्रहालयात त्याला माकडघरात ठेवून लोकांना दाखवले गेले. त्याच्यावरच्या फलकासाठी ए-टू (A2) आकाराचा कागद, साधारण शंभर शब्द, मजकूर किमान २४ पॉइंटमध्ये. याहून लहान अक्षर कुणी उभ्याने वाचत नाही.

सुरुवात काँगोपासून करा. बहुतेक फलक न्यूयॉर्कच्या पिंजऱ्यापासून सुरू होतात. मग माणूस आधी देखावा ठरतो. काँगोवर बेल्जियमचा राजा लिओपोल्डची राजवट असताना त्याची बायको-मुले मारली गेली, १९०४ मध्ये सॅम्युएल व्हर्नर या अमेरिकनाने त्याला विकत घेऊन अमेरिकेतल्या सेंट लुईसच्या जागतिक जत्रेत मांडले, हे आधी येऊ द्या. व्हर्नरला ‘तारणहार’ म्हणू नका. सप्टेंबर १९०६ मधल्या ब्राँक्स प्राणिसंग्रहालयातल्या माकडघराला दोन ओळी पुरेत. तिथला फोटो मोठा छापलात तर तोच तमाशा पुन्हा भरतो. कृष्णवर्णीय धर्मगुरूंनी केलेला निषेध मात्र गाळू नका.

खरी जागा व्हर्जिनिया राज्यातल्या लिंचबर्ग शहराला द्या: १९१० पासूनचा मुक्काम, तंबाखू कारखान्यातली मजुरी, घरी परतण्याची आस. १९१४ च्या महायुद्धाने जहाजप्रवास जवळपास अशक्य केला. हे सुटले तर १९१६ ची आत्महत्या नुसती ‘उदासी’ वाटते. मृत्यूची पद्धत लिहू नका. नकाशात काँगो आणि व्हर्जिनिया दोन्ही दाखवा.