समोरच्याची चाल मीच खेळत होते

तीन वर्षं माझं बुद्धिबळातलं रेटिंग १४०० च्या आसपास घुटमळत होतं. त्या काळात मी रोज कोडी सोडवत होते, ओपनिंगच्या फाइल्स पाठ करत होते, हरलेला प्रत्येक डाव त्याच रात्री इंजिनला, म्हणजे चाली तपासणाऱ्या संगणकाला, दाखवत होते. मेहनतीत कसूर नव्हती. तरी दर स्पर्धेत दोन-तीन डाव असे जायचे की हाताशी आलेला विजय एका चालीत निसटायचा, आणि मी वहीत लिहायचे, ‘घाईत ब्लंडर’. नवीन खेळायला लागलेल्यांना, विशेषतः माझ्यासारखं विशी उलटल्यावर पटाशी बसलेल्यांना, मला या दोन शब्दांबद्दल सांगायचं आहे. कारण ते खरे नव्हते. मी घाईत नव्हतेच.

काटा, पिन, मागच्या पट्टीवरची मात हे सगळं तुम्हाला येतं असं धरून चालते. एकच डाव दाखवते.

मी पांढरी घेऊन खेळत होते. माझा उंट डी३ वर, घोडा एफ३ वर, वजीर डी१ वर. समोरच्याने कॅसलिंग केलेलं, राजा जी८ वर. एच७ चं प्यादं उंटाने मारायचं, शह. राजाने उंट घेतला की घोडा जी५ वर, पुन्हा शह. राजा जी८ वर परत गेला की वजीर एच५ वर, आणि पुढे एच७ वर मात. हे बलिदान प्रत्येकाने कोड्यांत शंभरदा सोडवलेलं असतं. मी घड्याळात पाहिलं, बारा मिनिटं विचार केला. राजा जी६ वर बाहेर आला तर काय, तेही पाहिलं. वजीर एच५ ला आल्यावर तो हत्ती ई८ वर नेऊन राजाला वाट करून देईल, मग मी एफ७ चं प्यादं घेईन, तेही पाहिलं. सगळं जुळलं. उंट उचलला तेव्हा हात थरथरत होता, पण आनंदाने.

वजीर एच५ वर ठेवला. त्याने सी८ वरचा उंट उचलून एफ५ वर ठेवला. एच७ झाकलं गेलं. संपलं. एका प्याद्याच्या बदल्यात माझं एक मोहरं गेलं होतं आणि हल्ल्यात काही उरलं नव्हतं.

हा उंट डावाच्या सुरुवातीपासून हललाच नव्हता. माझ्या लेखी तो मोहरा राहिलाच नव्हता, घरातल्या जुन्या कपाटासारखा तो तिथे होता, एवढंच. आणि मला आजही छळणारी गोष्ट म्हणजे एफ५ हे घर डी३ ते एच७ या तिरक्या रेषेवरच आहे. माझा उंट याच घरावरून गेला होता. बारा मिनिटं मी त्या रेषेकडे बघत होते.

त्या रात्री इंजिनने नेहमीप्रमाणे सांगितलं, उंट एच७ चूक, हत्ती ई१ बरोबर. मी मान डोलावली, वहीत ‘घाईत ब्लंडर’ लिहिलं आणि झोपले. पुढच्या महिन्यात वेगळ्या मोहऱ्यांनिशी हाच डाव पुन्हा हरले.

फास इथे आहे, म्हणून सावकाश सांगते. चाली मोजताना एक चाल माझी असते, एक समोरच्याची. माझी चाल मी शोधत होते. त्याची चाल मी शोधत नव्हते, ठरवत होते. माझी योजना पुढे सरकायला त्याने जे खेळायला हवं, तेच त्याच्या हातात देत होते. हत्ती ई८ ही त्याची चाल नव्हतीच, ती माझीच होती, कारण तिच्यापुढे माझं उत्तर तयार होतं. जी६ वर राजा आणून पाहिला तोसुद्धा अशासाठी की त्याचं उत्तर मला पाठ होतं. म्हणजे मी दोन्ही बाजूंनी खेळत होते आणि दोन्ही बाजू माझ्याच होत्या. हे आळसामुळे होत नाही. उलट जितका जास्त वेळ विचार करत बसावं तितकी ती योजना जास्त खरी वाटायला लागते, कारण आपण तिच्यात वेळ घातलेला असतो. बारा मिनिटांनंतर मी चाल तपासत नव्हते, तिची वकिली करत होते.

हे माझं एकटीचं नाही हे कळलं तेव्हा फार बरं वाटलं. मिशेल काउली आणि रूथ बर्न या दोन संशोधकांनी २००४ मध्ये बुद्धिबळपटूंना मोठ्याने विचार करायला लावून अभ्यास केला. मुरलेले खेळाडू स्वतःला सुचलेली चाल मोडून काढायचा प्रयत्न करत होते. नवखे आपली चाल चांगली आहे हेच स्वतःला पटवत होते. २००८ मध्ये बिलालिच, मॅक्लिऑड आणि गोबे यांनी आणखी एक प्रयोग छापला. पटावर एक ओळखीची मात दिसत होती आणि एक कमी चालींची, पण अनोळखी. ओळखीची मात सापडल्यावर चांगले खेळाडूही म्हणाले की आम्ही आणखी चांगलं काही शोधतोय. त्यांच्या नजरेचा माग ठेवला होता. नजर त्या पहिल्या उत्तराच्या घरांवरच रेंगाळत होती. ते खोटं बोलत नव्हते. शोधतोय असं त्यांना मनापासून वाटत होतं. मलाही त्या बारा मिनिटांत तसंच वाटत होतं.

मग काय केलं? फार साधं. चाल ठरली की हात मांडीखाली ठेवायचा आणि मनातल्या मनात खुर्ची बदलायची. आता मी तो आहे. मला ही बाई आवडत नाही. तिची योजना उधळायला माझ्याकडे कुठलं मोहरं आहे? आधी शह, मग मारामारी, मग धमक्या, आणि शेवटी जे मोहरं अजून हललेलंच नाही ते. हे शेवटचं मी स्वतःसाठी जोडलं आहे. तुमचं शेवटचं वेगळं असेल. कुणाला मागे येणारा घोडा दिसत नाही, कुणाला पटाच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत जाणारा वजीर. ते तुमच्याच हरलेल्या डावांतून शोधावं लागेल.

जुन्या लोकांकडून एक सल्ला ऐकाल, की चाल आधी कागदावर लिहा, मग पटावर खेळा. त्यामागचा हेतू हाच होता, पण फिडे या जागतिक संघटनेच्या आजच्या नियमांत चाल आधी लिहून ठेवायला मनाई आहे. पहिल्याच स्पर्धेत पंचांकडून समज मिळू नये म्हणून सांगून ठेवते. आणि स्पर्श केलेलं मोहरं हलवावंच लागतं हे घरी खेळतानाही पाळा. ऑनलाइन खेळून हाताला आधी धावायची सवय लागते.

इंजिनबद्दल माझं मत कडवट आहे आणि ते तसंच राहू दे. डाव संपल्यावर पहिला दिवस इंजिन लावू नका. इंजिन चाल सांगतं, तुम्ही ती का खेळलात हे त्याला माहीत नसतं, आणि उत्तर दिसलं की तुम्हीही ते विसरता. मी आता आधी आठवेल ते लिहिते: इथे मला काय वाटलं, त्याची कुठली चाल धरली, कशाची भीती वाटली. मग इंजिन. वहीची सहा-सात पानं भरली तेव्हा एकच वाक्य पुन्हापुन्हा दिसायला लागलं, ‘तो घेईल असं वाटलं’. त्याने घेतलंच नव्हतं. तीन वर्षांची ‘घाई’ ती ही.

शिक्षकांबद्दलही स्पष्ट सांगते. मी ज्यांच्याकडे सुरुवातीला शिकले ते भले माणूस होते, खेळायचेही माझ्यापेक्षा कितीतरी पटीने चांगलं. पण मी अडकले की त्यांचा हात पटावर यायचा आणि तीन सेकंदांत योग्य चाल मांडली जायची. मला वाटायचं, समजलं. काहीच समजलेलं नसायचं. नंतर भेटलेल्या बाईंनी पहिल्या तासात फक्त एकच प्रश्न विचारला, ‘आणि मग तो काय करेल?’ मी उत्तर दिलं की पुन्हा तोच प्रश्न. मी रडकुंडीला आले होते. शिक्षक निवडताना ते स्वतः किती रेटिंगचे आहेत यापेक्षा ते गप्प किती वेळ बसू शकतात हे बघा. आणि दहा चालींत मात करून देणाऱ्या सापळ्यांचे व्हिडिओ पाहणं बंद करा. ते हाच रोग वाढवतात, कारण त्यातला समोरचा माणूस नेहमी सांगितलेलीच चूक करतो.

हरल्यावर रात्री लगेच ब्लिट्झ, म्हणजे काही मिनिटांचे झटपट डाव, खेळायला बसू नका. रेटिंग परत मिळवायला बसलेला माणूस बुद्धिबळ खेळत नसतो. एवढंच.

रेटिंगचं गणित मात्र एकदा शांतपणे समजून घ्या, मनावरचं ओझं उतरतं. २०० गुणांनी वरचढ असलेल्या खेळाडूकडून रेटिंग मोजायच्या एलो पद्धतीत साधारण ७६ टक्के गुणांचीच अपेक्षा असते. म्हणजे अशा खेळाडूशी चार डाव खेळलात तर एकाच्या आसपास गुण तुमचा असायला हवा, आणि तुमच्यापेक्षा तेवढ्याच कमी असलेल्याविरुद्ध चारांत एखादा गुण जायलाच हवा. मी असा प्रत्येक गेलेला गुण अपमान म्हणून घेत होते.

‘माझं डोकंच या खेळाचं नाही’ हे वाक्य तुमच्याही मनात येईल. आद्रियान दे ग्रोट या डच मानसशास्त्रज्ञाने अलेखाइन, केरेस यांच्यासारख्या थोर खेळाडूंना मोठ्याने विचार करायला लावून केलेला अभ्यास १९४६ मध्ये प्रसिद्ध झाला. थोर खेळाडू इतरांपेक्षा फार खोल मोजत होते असं त्यात दिसलं नाही. ते चांगल्या चालींकडे लवकर पोहोचत होते. १९७३ मध्ये विल्यम चेस आणि हर्बर्ट सायमन या संशोधकांनी खऱ्या डावातली स्थिती पाच सेकंद दाखवून ती पुन्हा मांडायला सांगितली. त्यात मास्टर कितीतरी पुढे होते. मोहरे कसेही विखुरून दाखवले तेव्हा तो फरक जवळजवळ नाहीसा झाला. म्हणजे त्यांची स्मरणशक्ती जगावेगळी नव्हती, त्यांनी डाव पाहिलेले होते. डाव तुम्हीही पाहू शकता. तिशीत सुरुवात करून ग्रँडमास्टर व्हाल असं मी म्हणणार नाही, कुणी म्हणालं तर त्याच्यापासून दूर राहा. पण १४०० वरून वर जाता येतं.

आणि हा फास कुणालाच सोडत नाही. २०१४ मध्ये सोची इथे जगज्जेतेपदाच्या लढतीत सहाव्या डावात नॉर्वेच्या कार्लसनने सव्विसावी चाल म्हणून राजा डी२ वर ठेवला. ती घोडचूक होती. आनंदचा घोडा ई५ चं प्यादं मारू शकत होता. आनंदने ए-प्यादं पुढे सरकवलं, आपल्या योजनेप्रमाणे, आणि डाव हरला. समोरून चूक येईल हे त्याच्या हिशेबातच नव्हतं. मी समोरच्याला माझ्या सोयीचा समजत होते. तिथे समोरचा निर्दोष समजला गेला. दोन्हीकडे पटापेक्षा आपलं गृहीतक जास्त पाहिलं गेलं.

२०२४ च्या सिंगापूरमधल्या जगज्जेतेपदाच्या लढतीचा चौदावा डाव मी अजून पूर्ण बघू शकत नाही. लढत ६.५-६.५, डाव बरोबरीकडे चाललेला, आणि चीनच्या डिंगने पंचावन्नाव्या चालीला हत्ती एफ२ वर आणून अदलाबदल देऊ केली. हत्ती गेले, मग गुकेशने उंट डी५ वर आणून उंटांचीही अदलाबदल भाग पाडली, आणि उरलेला प्याद्यांचा एंडगेम हरलेला होता. डिंगच्या मनात काय होतं हे त्यालाच ठाऊक. मला त्या चालीत माझं स्वतःचं एक वाक्य ऐकू येतं, ‘एकदाचं साधं होऊ दे’. थकल्यावर ते येतं. आलं की मी आता उठून पाणी पिऊन येते.

मागच्या स्पर्धेत तेच बलिदान पुन्हा समोर आलं. उंट डी३, घोडा एफ३, राजा जी८. छाती धडधडायला लागली. हात मांडीखाली ठेवला, खुर्ची बदलली आणि सी८ कडे पाहिलं. उंट तिथेच होता, एफ५ पर्यंतची वाट मोकळी. मी हत्ती ई१ वर आणला. साठेक चालींनंतर डाव बरोबरीत सुटला.

नंतर पटावर डाव पुन्हा मांडताना मी त्या मुलाला ती जागा दाखवली आणि विचारलं, मी एच७ वर मारलं असतं तर? तो बराच वेळ बघत बसला. मग म्हणाला, ‘हत्ती ई८ खेळलो असतो.’ मी सी८ वरचा उंट उचलून एफ५ वर ठेवला. तो एकदम पुढे वाकला. आम्ही तिथे पुढची वीस मिनिटं बसलो होतो, पंच पट आवरायला येईपर्यंत.