कोरियन डायरेक्टर बाँग जून-होचे पिक्चर कुठनं सुरू करायचे?

ऑस्कर मिळालं म्हणून सगळे डायरेक्ट पॅरासाइट लावतात आणि तिथंच थांबतात. तसं करू नका, तो शेवटी ठेवा.

सुरुवात २००३ च्या मेमरीज ऑफ मर्डरपासनं करा. त्याआधी २००० ला त्याचा पहिला पिक्चर येऊन पडला होता, तो नंतर कधीपण बघा. मेमरीज लावला की पहिल्यांदा पिकलेलं भात दिसतंय, पिवळंधमक, आणि डिटेक्टिव्ह शेताकडेच्या मोरीत वाकून बघतोय, आपल्या बेळगावातल्या खानापूरकडं कापणीच्या आधी शिवार असतंय ना तस्संच, मला तर कोरिया लांबचा वाटलाच नाही. पुढं मातीच्या रस्त्यावर बुटाचा ठसा सापडतोय, तो जपा म्हणून हा ओरडतोय आणि ट्रॅक्टर त्याच्यावरनंच जातोय, सगळं एकाच शॉटमध्ये! मागं घेऊन दोनदा तरी बघा, कोण घसरतंय, कोण कुठनं घुसतंय. केस खरी आहे, १९८६ ची, आणि खुनी कोण ते पोलिसांना कळलं २०१९ ला. हे डोक्यात ठेवून शेवटचा शॉट बघा.

डब केलेला अजिबात लावू नका. घरात मराठी, ऑफिसात कन्नड, आपल्याला दुसरी भाषा ऐकत अर्थ लावायची लहानपणापासनं सवय आहे की, मग सबटायटलला कशाला भ्यायचं?

मग द होस्ट, मग मदर. मदर एकट्यानं बघा, लई आत जातोय तो.

त्यानंतर प्रोड्युसर कोण ते बघायची सवय लावा. २०१३ च्या स्नोपिअर्सरला पार्क चान-वूक प्रोड्युसर होता, म्हणजे एवढा मोठा डायरेक्टर दुसऱ्याच्या पिक्चरच्या मागं उभा राहिला, आणि पुढच्याच वर्षी बाँगनं स्वतः हेमू प्रोड्यूस केला, त्याचा डायरेक्टर शिम संग-बो, म्हणजे मेमरीज लिहिताना ह्याच्याबरोबर होता तोच. जोडीदाराला असं पुढं काढलेलं मला फार आवडलं.

ओक्जा जमलं तर. आता पॅरासाइट. पावसाच्या रात्री गरीब घरातला बाप आणि त्याची दोन पोरं पायऱ्या उतरत उतरत घरी जातात तिथं फक्त पाण्याकडं बघा, वरनं खाली कसं जातंय. २०१९ च्या ऑगस्टात आपल्या जिल्ह्यात पूर आला तेव्हा सखल भागातल्या घरांतनं भिजलेल्या गाद्या बाहेर काढताना मी बघितल्यात, त्यामुळं मला तो सीन बसून बघवला नाही. दुसऱ्या दिवशी मालकीण गाडीत फोनवर सांगत्ये, पावसानं हवा किती स्वच्छ झाली बघ. तिथं पॉज करा आणि गाडी चालवणाऱ्या त्या बापाचं तोंड बघा.