अंतरिम आदेशाविरुद्ध उशिरा येणारं आव्हान: सर्व्हिस मॅटरमध्ये नव्याने उतरणाऱ्यांसाठी

दारव्हा, घाटंजी, आर्णी अशा तालुक्याच्या कोर्टात बसणाऱ्या नव्या वकिलाकडे नोकरीचं प्रकरण येतं ते बहुधा ओळखीतून. कुणाची बदली, कुणाचं निलंबन, कुणाची पगारातून वसुली. नागपूरला स्थगिती, म्हणजे अंतिम निकालापर्यंतचा अंतरिम आदेश, मिळाली की माणूस कामावर हजर होतो आणि फाइल कपाटात जाते. पुढे बऱ्याच काळाने खातं उच्च न्यायालयात गेल्याची नोटीस येते.

माझ्याकडे एक वनरक्षक अशीच नोटीस घेऊन आले होते. मॅटने, म्हणजे राज्य सरकारी कर्मचाऱ्यांची नोकरीची प्रकरणं चालवणाऱ्या महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाने, बदलीला दिलेल्या स्थगितीवर ते कामावर होते. "वकीलसाहेब, मी त रोज ड्युटीवर हावो, मंग आता हे कायचं काढलं?" त्यांना धीर देणं हेही आपलंच काम आहे. नोटीस आली म्हणजे स्थगिती उठली असं होत नाही. वरच्या कोर्टाने वेगळा आदेश देईपर्यंत जुना आदेश लागू असतो.

आधी मुदत कोणती ते बघा. १९९७ च्या एल. चंद्रकुमार निकालापासून मॅटच्या आदेशाला उच्च न्यायालयाच्या दोन न्यायमूर्तींच्या खंडपीठापुढे रिट याचिकेने आव्हान देतात. रिटला दिवसांची ठरीव मुदत नाही, पण न समजावलेला उशीर कोर्ट बघतंच. झेडपीचे कर्मचारी मॅटमध्ये जात नाहीत, थेट उच्च न्यायालयात जातात. तिथल्या आदेशाविरुद्ध सर्वोच्च न्यायालयात विशेष अनुमती याचिकेसाठी ९० दिवस असतात. त्यानंतर आले तर विलंब माफीचा अर्ज लागतो.

याचिका हातात आली की कायद्याचे मुद्दे मागे ठेवा आणि उशिराचा खुलासा वाचा. विभागीय कार्यालयातून प्रस्ताव, मग मंत्रालय, विधी व न्याय विभाग, शेवटी सरकारी वकील, अशी साखळी लिहिलेली असते. प्रत्येक तारीख वहीत एकाखाली एक उतरवा. नक्कल कधी मागितली, कधी मिळाली, प्रस्ताव कधी निघाला? दोन तारखांमध्ये महिनेच्या महिने कोरे दिसले की तिथे बोट ठेवायचं. 'प्रशासकीय कारणास्तव' हे शब्द ते महिने भरत नाहीत. सर्वोच्च न्यायालयाने २०१२ मध्ये पोस्ट खात्याच्या प्रकरणात ४२७ दिवसांचा उशीर माफ केला नाही आणि सरकारी खात्यांना वेगळी सवलत नाही असं बजावलं. पश्चिम बंगालमधल्या रघुनाथपूर नफर अकादमी या शाळेच्या प्रकरणात तर अंतरिम आदेशाविरुद्धचं अपील तब्बल २,४४९ दिवसांनी आलं होतं. उच्च न्यायालयाने दिलेली माफी सर्वोच्च न्यायालयाने २०१३ मध्ये रद्द केली. हे दोन्ही निकाल पूर्ण वाचा, नुसत्या हेडनोटवर, म्हणजे वर छापलेल्या सारांशावर, जाऊ नका.

मला सगळ्यात मोलाचा वाटतो तो मॅटमधला रोजनामा, म्हणजे प्रत्येक तारखेला काय झालं त्याची नोंद. त्याची नक्कल काढाच. वनरक्षकांच्या रोजनाम्यात तारखेमागून तारीख एकच नोंद होती: प्रतिवादींनी उत्तरासाठी वेळ मागितला. स्थगिती उठवण्याचा अर्ज खात्याने तिथे कधी दिलाच नव्हता. ज्या कोर्टाने आदेश दिला तिथे तोंड उघडायचं नाही आणि वरच्या कोर्टात घाई दाखवायची, हे न्यायमूर्तींना दाखवायला रोजनाम्याइतका सरळ कागद नाही. मात्र तारखा आपल्याच माणसाने वाढवून घेतल्या असतील तर हाच कागद अंगाशी येतो. म्हणून स्थगिती मिळाली तरी मूळ अर्ज लवकर चालवून घ्या.

सोबत हजेरीपटाची प्रत, हजर झाल्याचा अहवाल, पगाराच्या स्लिपा लावा. खात्याने इतके दिवस आदेश पाळला, काम करून घेतलं, हे त्यातून दिसतं. तरीही फक्त उशिरावर विसंबू नका. प्रकरणात दम असेल तर कोर्ट उशीर माफ करतं, म्हणून बदलीच्या आदेशातली मूळ चूकही उत्तरात सविस्तर मांडा.

आदेश मिळाल्या आठवड्यातच उच्च न्यायालयात कॅव्हेट दाखल करा, म्हणजे आपल्याला न ऐकता स्थगिती उठणार नाही. ते ९० दिवस चालतं, पुढे नवं द्यावं लागतं. आणि खातं आदेश पाळतच नसेल तर अपिलाची वाट बघत बसू नका: अवमानाची कारवाई एका वर्षाच्या आत सुरू व्हावी लागते.