भाऊ नगरसेवकपदाला उभा राहतोय? फॉर्म भरण्याआधी घरात मिटवायच्या गोष्टी

फॉर्म एकट्याचा असला तरी प्रतिज्ञापत्रात अर्धं घर येतं. नवी मुंबईतल्या घणसोली, कोपरखैरणे, दिवाळे अशा गावठाणांत घर अजून आजोबांच्या नावावर, साडेबारा टक्क्यांच्या (संपादित जमिनीच्या बदल्यात सिडकोकडून मिळालेल्या) भूखंडावरची इमारत चौघांत आणि वाटण्या झालेल्या नाहीत, हे नेहमीचंच. उमेदवाराला स्वतःचा हिस्सा लिहावा लागतो आणि तो कागद कुणालाही वाचता येतो. चौथ्या हिश्श्याच्या जागी ‘अर्धा’ पडला तर निवडणूक संपते, भाऊबंदकी चालू राहते. म्हणून फॉर्मच्या आधी सगळ्यांना एकत्र बसवा, बहिणींनाही. वडिलोपार्जित मालमत्तेत 2005 पासून मुलींचा हक्क मुलांइतकाच आहे. ठरलेले हिस्से लिहून सगळ्यांच्या सह्या घ्या. मालमत्ताकर आणि पाणीपट्टीची थकबाकीही तेव्हाच भरा.

गावठाणातला वाढीव मजला ही खरी दुखरी नस. उमेदवार, त्याचा जोडीदार किंवा त्याच्यावर अवलंबून असलेल्या कुणी बेकायदा बांधकाम केलं असेल तर महापालिका अधिनियमाच्या कलम 10 खाली नगरसेवकपद जाऊ शकतं. कमावत्या भावाचा मजला यात थेट बसत नाही, पण कर आणि वीजमीटर उमेदवाराच्या नावावर असले तर तक्रारदाराचं आयतंच फावतं.

पैसे द्यायचे तर निवडणुकीसाठी उघडलेल्या खात्यातच भरा आणि उसने की मदत, ते लिहून ठेवा. हौसेने परस्पर बॅनर लावू नका. उमेदवाराच्या लेखी संमतीशिवाय त्याच्या प्रचारावर खर्च केला तर भारतीय न्याय संहितेच्या कलम 176 नुसार 10,000 रुपयांपर्यंत दंड होतो.

सरकारी नोकरीतल्या बहिणीने मत द्यावं, प्रचार करू नये. व्हॉट्सॲप स्टेटससुद्धा नको. आग्रह धरणाऱ्या काकांना हे उमेदवारानेच सांगावं, नाहीतर ‘सख्खी असून फिरली नाही’ हा ठपका तिच्यावर येतो.

दुसरं भावंड विरोधी पक्षात असेल तर त्याने पक्षाकडे आधीच दुसऱ्या प्रभागाचं काम मागून घ्यावं. पॅनेल पद्धतीत, म्हणजे एका प्रभागातून अनेक नगरसेवक निवडताना, बहुतेक प्रभागांत एकेका मतदाराला चार मतं असतात, त्यामुळे ‘एक घरच्याला, तीन आमच्या पॅनेलला’ अशी तडजोड आपसूक सुचते. ती उघड बोलू नका, दोन्ही पक्षांचा विश्वास जातो. मतदार याद्या घरात उघड्या टाकू नका. आईला मत कुणाला दिलं, हे कुणीच विचारायचं नाही.

निकालानंतर 30 दिवसांत खर्चाचा हिशेब द्यावा लागतो, हरला तरी. भावंडांकडची चहा-नाश्ता, रिक्षा, मंडप यांची बिलं रोज संध्याकाळी एकाच माणसाकडे जमा करा.