जुन्या लॅपटॉपवर घरचा गाण्यांचा सर्व्हर

मी अमळनेरला मोटार रिवाइंडिंगचं दुकान चालवतो. संगणकाचं शिक्षण शून्य. दुकानात बिलं करायला घेतलेल्या लॅपटॉपची चार बटणं गेली, पडद्यावर रेघ आली, आणि भंगारवाला तीनशेच्या वर चढेना. तोच लॅपटॉप आता सर्व्हर म्हणून, म्हणजे इतरांच्या मोबाइलला गाणी पुरवणारं यंत्र म्हणून, घरात मधल्या खोलीच्या कोनाड्यात दीड वर्षापासून चोवीस तास चालू आहे. माय ओट्यावर बसून त्यातली गाणी ऐकते, बहीण सुरतेत ऐकते. दुकानात येणारे विचारतात, म्हणून एकदाचं लिहून काढतो.

विकतची गाणी ऐकायची असतील तर ही कटकट करू नका, पन्नास ॲप आहेत. माझ्याकडे ६३ कॅसेटी होत्या. त्यातल्या ४० बाजारातल्या. उरलेल्या २३ घरी भरलेल्या: कानबाई, म्हणजे आमची खानदेशी देवी, बसली की रात्रभर माय आणि गल्लीतल्या बाया गायच्या, तेव्हा वडील टेप लावून ठेवत. आखाजीची, म्हणजे अक्षय्य तृतीयेची, झोक्यावरची गाणी आहेत, एकीत वही हा लोकगीताचा प्रकार गाणारे वहीवाले आहेत. ही गाणी कुठल्या ॲपवर नाहीत, येणारही नाहीत. सर्व्हर हा या २३ कॅसेटींसाठी.

सर्व्हर उभा करणं एका संध्याकाळचं काम आहे. कॅसेटी उतरवून त्यांना नावं देण्यात माझा अख्खा पावसाळा गेला. आमच्या धंद्यात पावसाळ्यात मोटारी कमी जळतात, म्हणून जमलं.

यंत्र कुठलं घ्यायचं? बरेच जण रास्पबेरी पाय नावाचा एका पाटीवरचा संगणक सांगतात. छोटा आहे, वीज कमी खातो, चांगलाच आहे. पण त्याला बॅटरी नाही. आपल्याकडे लाइट कधी जाईल याचा भरवसा नाही, आणि चालू डिस्कची वीज अचानक तुटली की फायली बिघडू शकतात. जुन्या लॅपटॉपची बॅटरी अर्धा तास जरी टिकली तरी तो फुकटचा यूपीएस झाला. रॅम २ जीबी असली तरी भागतं. माझा लॅपटॉप पडदा बंद असताना १२ ते १५ वॅट घेतो, मी मीटर लावून पाहिलं. म्हणजे महिन्याला ९ ते ११ युनिट.

डिस्क अडीच इंची पोर्टेबलच घ्या. साडेतीन इंची मोठी डिस्क स्वस्तात दिसते, पण तिला वेगळा अडॅप्टर लागतो. लाइट गेली की लॅपटॉप बॅटरीवर चालू राहतो आणि डिस्क मात्र बंद पडते. मग बॅटरीचा उपयोग काय? अडीच इंची डिस्क यूएसबीतूनच वीज घेते. १ टीबी पुष्कळ झाली. हिशोब असा: सीडीच्या दर्जाचा स्टिरिओ आवाज मिनिटाला साधारण १० एमबी होतो, म्हणजे ६० मिनिटांची कॅसेट ६०० एमबी. फ्लॅक या प्रकारच्या फाइलमध्ये बदलली की त्याच्या अर्ध्याच्या आसपास येते आणि आवाजात काही कमी होत नाही. शंभर कॅसेटी ३०-४० जीबीत बसतात.

जागेचं मात्र ऐका. मी पहिल्यांदा वरच्या पत्र्याच्या खोलीत ठेवला होता. आपल्याकडे मे महिन्यात पारा ४५ ला टेकतो, पत्र्याखाली काय होत असेल ते सांगायला नको. एका दुपारी वर गेलो तर टचपॅड उचललेलं, आतली बॅटरी फुगलेली. फुगलेली बॅटरी टोचू नका, दाबू नका, चार्ज करू नका, काढून बदला. आता यंत्र मधल्या, धाब्याच्या खोलीत आहे. मातीचं सपाट छत म्हणजे धाबं, जाड भिंती, दुपारीही गार. कूलरच्या झोतासमोर ठेवायचा मोह आवरा, तो झोत ओला असतो. लॅपटॉपच्या बायॉसमध्ये, म्हणजे सुरू होतानाच्या मूळ सेटिंगमध्ये, चार्जिंग ८० टक्क्यांवर थांबवायची सोय असेल तर ती लावा. सतत पूर्ण भरलेली बॅटरी उन्हाळ्यात लवकर मरते.

आता सॉफ्टवेअर. मी विंडोजच्या जागी डाएटपाय नावाचं हलकं लिनक्स वापरतो. रास्पबेरी पायवर चालतं तसं साध्या लॅपटॉपवरही चालतं, आणि बहुतेक काम मेन्यूतून होतं, लांब कमांड पाठ कराव्या लागत नाहीत. त्यांच्या साइटवरून पीसीसाठीची इन्स्टॉलर इमेज उतरवा. लॅपटॉप नवा असेल तर यूईएफआय लिहिलेली, फार जुना असेल तर बायॉस लिहिलेली. बलेना एचर नावाच्या प्रोग्रामने ती पेन ड्राइव्हवर लिहा, लॅपटॉप पेन ड्राइव्हवरून सुरू करा. आतली डिस्क पूर्ण पुसली जाते, तेव्हा जुनी बिलं आधी काढून घ्या. पहिल्या लॉगिनला नाव ‘रूट’ आणि पासवर्ड ‘डाएटपाय’, दोन्ही इंग्रजी लहान अक्षरांत. तो लगेच बदला. हे सगळं होईपर्यंत राउटरची केबल थेट लॅपटॉपला लावा, वायफायच्या नादी लागू नका. मी तर ती केबल पुढेही काढली नाही.

मग डाएटपायच्या सॉफ्टवेअर मेन्यूत जाऊन तीन गोष्टींवर खूण करा: नॅव्हिड्रोम, सांबा, टेलस्केल. नॅव्हिड्रोम हा गाण्यांचा सर्व्हर, सांबामुळे विंडोजच्या संगणकावरून फोल्डरमध्ये फायली टाकता येतात, टेलस्केलचं पुढे सांगतो. त्याच्याच ड्राइव्ह मॅनेजरमधून पोर्टेबल डिस्क लिनक्सच्या ईएक्सटी४ पद्धतीत फॉरमॅट करून जोडा आणि यूजर डेटा तिच्यावर हलवा, म्हणजे म्युझिक फोल्डर डिस्कवर जातो. काम झालं की लॅपटॉपचं झाकण मिटून बघा. झाकणाबरोबर गाणंही झोपलं तर लिनक्सच्या लॉगिनडी नावाच्या भागाच्या सेटिंगमध्ये झाकणाच्या स्विचपुढे ‘इग्नोर’ लिहावं लागेल.

राउटरच्या पानावर जाऊन लॅपटॉपला कायमचा पत्ता बांधून द्या, नाहीतर लाइट जाऊन आली की पत्ता बदलतो आणि घरातले म्हणतात तुझं बंद पडलं. माझा १९२.१६८.१.५० आहे. मोबाइलच्या ब्राउझरमध्ये हा पत्ता, मग विसर्गासारखी दोन टिंबं, मग ४५३३. नॅव्हिड्रोम उघडेल आणि पहिल्याच वेळी मुख्य वापरकर्त्याचं नाव-पासवर्ड मागेल. घरातल्या प्रत्येकाचं वेगळं खातं करा. माझा मुलगा काय ऐकतो ते मायच्या यादीत यायला नको.

राउटरलाही लाइट लागते हे विसरू नका. १२ व्होल्टचा मिनी यूपीएस मिळतो, तो लावा. राउटरवर किती व्होल्ट लिहिलेत ते आधी वाचा. काही ९ व्होल्टचे असतात.

आता कॅसेटी. इथं घाई केली की गाणं कायमचं बिघडतं. टेप वाजवण्याआधी एकदा पूर्ण पुढे आणि पूर्ण मागे फिरवा, वर्षानुवर्षं चिकटून बसलेली असते. हेड आणि पिंच रोलर (टेप ओढणारं रबरी चाक) स्वच्छ करा. हेडला आयसोप्रोपिल अल्कोहोल आणि कापूस चालतो. आवाज घोगरा येत असेल तर हेडशेजारच्या छोट्या स्क्रूकडे बघा. टेप चालू ठेवून तो अगदी केसभर इकडे-तिकडे फिरवला की एका ठिकाणी बांगड्यांचा आवाज लख्ख होतो. तिथंच थांबा. प्रत्येक कॅसेट वेगवेगळ्या टेपरेकॉर्डरवर भरलेली असते, म्हणून हे प्रत्येकीला बघावं लागतं.

टेपच्या लाइन-आउटमधून वायर संगणकाच्या लाइन-इनमध्ये. आजकालच्या लॅपटॉपला लाइन-इन नसतो, माइकचं भोक असतं, आणि ते बहुधा मोनो. स्वस्त यूएसबी डोंगलचंही तेच. स्टिरिओ लाइन-इन असलेलं यूएसबी साउंड कार्ड विचारून घ्या. रेकॉर्डिंगला ऑडॅसिटी, फुकट आहे. ४४,१०० हर्ट्झ, १६ बिट, म्हणजे सीडीचा दर्जा. आवाजाची पट्टी सर्वांत मोठ्या आवाजाला उणे ६ डेसिबलच्या आसपास राहिली पाहिजे. लाल झाली की आवाज फाटला, आणि फाटलेला आवाज पुन्हा शिवता येत नाही.

माझ्या पहिल्या चार कॅसेटींत मागे बारीक गुणगुण आली. मी टेपला दोष दिला, वायर बदलली. मग लक्षात आलं, ही तर विजेची ५० हर्ट्झची, रोज दुकानात ऐकतो ती! टेप एका सॉकेटवर, लॅपटॉपचा चार्जर दुसऱ्यावर, अर्थिंगचा फेरा तयार झालेला. चार्जर काढून बॅटरीवर रेकॉर्डिंग केलं, गुणगुण गेली. तीस वर्षं मोटारी बांधतोय आणि हे सुचायला चार कॅसेटी लागल्या.

ऑडॅसिटीत खरखर कमी करायची सोय आहे: नुसत्या खरखरीचा तुकडा निवडून नमुना द्यायचा, मग सगळ्यावर लावायचं. ६ ते १० डेसिबलपुढे जाऊ नका. मी जास्त लावलं तर बाया हौदात बसून गातायत असं वाटायला लागलं. आणि मूळ फाइल हात न लावता वेगळी ठेवाच. कानबाईच्या एका कॅसेटीत मधेच कुत्रं भुंकतं, कुणीतरी चहाला हाक मारतं. मी ते कापणार होतो. मायला ऐकवलं तर ती सुरावर बोललीच नाही, हाक मारणारी कोण ते सांगितलं आणि मग म्हणाली, “हाऊ मन्हाच आवाज शे का रे?” (हा माझाच आवाज आहे का रे?) ते कुत्रं अजून आहे.

एक बाजू एका फाइलमध्ये आली की गाणी जिथं सुरू होतात तिथं लेबल टाकत जा आणि शेवटी सगळी एकदम वेगवेगळ्या फ्लॅक फायलींत काढा.

आता टॅग. नॅव्हिड्रोम फोल्डरची नावं बघत नाही, फाइलच्या पोटातले टॅग, म्हणजे आत लिहिलेलं गाण्याचं नाव, गायक, अल्बम, बघतो. बाजारातली गाणी म्युझिकब्रेन्झ पिकार्ड हा प्रोग्राम बऱ्याचदा ओळखतो. मायचा आवाज तो कुठून ओळखणार? ते हातानेच लिहायचं, मी एमपी३टॅग वापरतो. देवनागरी बिनधास्त लिहा, व्यवस्थित दिसते. माझी पद्धत अशी: गाण्याला नाव नसतंच, म्हणून पहिली ओळ हेच नाव. अल्बम म्हणजे प्रसंग आणि साल, ‘कानबाई १९९४’ असं. अल्बम आर्टिस्टच्या रकान्यात सगळ्या गाण्यांना एकच शब्द, ‘गल्लीतल्या बाया’. तो रकाना रिकामा ठेवून प्रत्येक गाण्याला वेगळी गाणारी लिहिली तर एक अल्बम सात ठिकाणी फुटू शकतो. कोण गातंय ते आर्टिस्टमध्ये. प्रकारात ‘कानबाई’, ‘आखाजी’, ‘वही’.

शुद्धलेखन एकदा ठरवा आणि वहीत लिहून ठेवा. मी कुठं कानबाई, कुठं कानुबाई, कुठं शेवटचा इ ऱ्हस्व लिहिला, आणि प्रकारांच्या यादीत तीन देव्या झाल्या. अहिराणी शब्दांचं तर विचारूच नका. शोधताना माणूस कसं टाइप करील ते लिहावं.

लिरिक्सचा रकाना भरा. मायला जवळ बसवून प्रत्येक गाण्याचे शब्द उतरवून घेतले. निम्मे शब्द मला कळत नव्हते, दोन तिलाही आठवेनात. ते जसे ऐकू येतात तसे लिहिले आणि पुढे प्रश्नचिन्ह टाकलं. टॅगमध्ये लिहिलं म्हणजे शब्द फाइलबरोबर जातात, आणि गाणं लागलं की ॲपमध्ये दिसतात.

मायला वाचायला चष्मा लागतो, म्हणून प्रत्येक अल्बमच्या फोल्डरमध्ये एक फोटो टाकला. फाइलचं नाव रोमन लिपीत ‘कव्हर’ ठेवलं की नॅव्हिड्रोम तो उचलतो. कानबाईला जुन्या घराच्या दाराचा, आखाजीला निंबाच्या झाडाचा. ती चित्र बघून बोट ठेवते.

सबसॉनिक ही ॲपने गाण्यांच्या सर्व्हरशी बोलायची भाषा. मोबाइलवर ती येणारं कुठलंही ॲप चालतं, नॅव्हिड्रोम ती भाषा बोलतो. मी अँड्रॉइडवर सिम्फोनियम घेतलं, एकदाच पैसे पडतात. फुकटात सबस्ट्रीमर आहे. आयफोनवाल्यांनी अँपरफाय बघावं.

घराबाहेरून ऐकायचं तर राउटरमध्ये पोर्ट, म्हणजे बाहेरून आत यायचं दार, उघडून द्या असं कुणी सांगेल. नका उघडू. एक तर सर्व्हर जगासमोर उघडा पडतो, आणि दुसरं म्हणजे बहुतेकांना ते जमणारच नाही. राउटरच्या पानावर बाहेरचा म्हणजे वॅनचा पत्ता बघा. तो १००.६४ ते १००.१२७ यांच्यामधला असेल तर तुम्ही सीजीनॅटमागे आहात, एका पत्त्यामागे कंपनीची अनेक गिऱ्हाइकं. तिथं पोर्ट उघडून काही होत नाही. टेलस्केल हे दोन्ही टाळतं: लॅपटॉपवर आणि मोबाइलवर एकाच खात्याने लॉगिन केलं की दोघांमध्ये बंद नळी तयार होते, घरगुती वापराला फुकट. बहिणीला माझा पासवर्ड दिला नाही, फक्त हे एक यंत्र तिच्या खात्याशी शेअर केलं.

मोबाइल डेटावर फ्लॅक वाजवू नका, तासाला तीनशे एमबीच्या वर जाते. नॅव्हिड्रोममध्ये प्लेअरनुसार बिटरेटची, म्हणजे सेकंदाला किती डेटा जाईल याची, मर्यादा लावता येते. १२८ केबीपीएसला तासाला ५८ एमबी होतात आणि जुन्या कॅसेटीला तेवढं पुरतं. सुरतेकडे जाणाऱ्या ताप्ती लाइनच्या गाडीत बसणार असाल तर गाणी आधीच डाउनलोड करून घ्या. नंदुरबारच्या पुढे रेंज कधी येते, कधी जाते.

राहिला बॅकअप. गाण्यांच्या फोल्डरबरोबर नॅव्हिड्रोमचा डेटाबेसही घ्या. याद्या, वापरकर्ते, कुठलं गाणं कितीदा वाजलं, सगळं त्यात असतं. सर्व्हर थांबवूनच कॉपी करा. माझ्याकडे बॅकअपच्या दोन डिस्क आहेत, एकीवर लाल चिकटपट्टी, दुसरीवर निळी. एक दुकानाच्या कपाटात, एक सुरतेत. बहीण आखाजीला माहेरी आली की पिशवीतून लाल आणते आणि निळी घेऊन जाते, भाऊबीजेला उलट. आलेली डिस्क जोडून मी कुठलीही तीन गाणी वाजवून बघतो. गेल्या दिवाळीला निळी डिस्क लॅपटॉपला ओळखूच आली नाही, केबल तुटलेली होती. आता केबलही पिशवीत दोन असतात.