जुन्या मेल सर्व्हरच्या शेअर्ड लायब्ररी: हे काम नव्याने हाती घेणाऱ्यांसाठी

जुना मेल सर्व्हर तुमच्याकडे येतो तेव्हा तो बांधणारा माणूस बहुधा कधीच निघून गेलेला असतो. मागे उरतं ते वर्षानुवर्षं चालत आलेलं यंत्र आणि ‘याला हात लावू नका’ ही ताकीद. पण ऑपरेटिंग सिस्टिमचा सपोर्ट संपला की हात लावावाच लागतो. मग पडद्यावर ती ओळ येते: अमुक शेअर्ड लायब्ररी (अनेक प्रोग्रॅम मिळून वापरतात ती कोडची फाइल) उघडता आली नाही, अशी फाइल अस्तित्वात नाही. सिस्टिम अ‍ॅडमिनचं काम मी खऱ्या अर्थाने शिकलो ते या ओळीच्या मागे लागून, म्हणून नव्यांना तिथूनच सुरुवात करायला सांगतो.

मूळ गोष्ट थोडक्यात. सेंडमेल असो, एक्झिम असो की पोस्टफिक्स, मेल सर्व्हरचा कुठलाही प्रोग्रॅम सगळं काम एकटा करत नाही. टीएलएससाठी, म्हणजे जोडणी कूटबद्ध करायला, ओपनएसएसएलच्या लिबएसएसएल आणि लिबक्रिप्टो, लॉगिन तपासायला लिबएसएएसएल२, एलियासचे (कुठल्या पत्त्याची मेल कुणाला द्यायची याचे) तक्ते वाचायला लिबडीबी, म्हणजे बर्कली डीबी, आणि या सगळ्यांच्या खाली ग्लिबसी ही सीची मूळ लायब्ररी. प्रोग्रॅम सुरू होताना लोडर या फाइली शोधून मेमरीत बसवतो. फाइलच्या नावाशेवटी असलेला आकडा आवृत्तीचा असेलच असं नाही. तो सांगतो की या आकड्यासाठी कंपाइल केलेला प्रोग्रॅम याच लायब्ररीवर चालेल. रेड हॅट एंटरप्राइझ लिनक्स ७ मध्ये ओपनएसएसएल १.०.२ होतं, पण फाइल होती लिबएसएसएल.एसओ.१०. पुढे ८ मध्ये शेवटचा आकडा १.१ झाला आणि ९ मध्ये ३.

‘१.१ वाल्या फाइलला १० नावाची लिंक द्या आणि मोकळे व्हा’ हा सल्ला तुम्हाला कुणीतरी हमखास देईल. तो घेऊ नका. लिंकमुळे नाव सापडतं, आतला माल बदलत नाही. २०१६ साली आलेल्या ओपनएसएसएल १.१.० मध्ये कितीतरी स्ट्रक्चर बाहेरून दिसेनाशी झाली, आणि एसएसएल_लायब्ररी_इनिट हे फंक्शन लायब्ररीतून जाऊन हेडरमधला नुसता मॅक्रो उरला. नशीब चांगलं असेल तर प्रोग्रॅम सुरू होतानाच तक्रार करून थांबतो. नसेल तर सर्व्हर व्यवस्थित उठतो, साधी मेल घेतो आणि कुणी टीएलएस मागितलं की पडतो. दुसरा प्रकार शोधायला फार त्रास देतो. सरळ रस्ता म्हणजे त्या जुन्या आकड्याचं कंपॅट पॅकेज (जुनी लायब्ररी नव्या सिस्टिमवर पुरवणारं) बसवणं. तेही उसनं आयुष्य आहे, हे वरिष्ठांना लेखी कळवा: ओपनएसएसएल १.०.२ चा सार्वजनिक सपोर्ट २०१९ अखेर संपला, १.१.१ चा सप्टेंबर २०२३ मध्ये.

कधी फाइल समोर दिसत असते, चालवण्याची परवानगीही असते, तरी शेल म्हणतं फाइल नाही. अशा वेळी प्रोग्रॅम ३२ बिटचा आहे का ते ‘फाइल’ कमांडने बघा. हरवलेला असतो तो त्याचा ३२ बिटचा लोडर, आणि शेल नाव घेतं प्रोग्रॅमचं.

आता खरा मुद्दा. मेल सर्व्हर हा एक प्रोग्रॅम नसतो, आणि तुमच्या रूट शेलमध्ये जे दिसतं ते त्याला दिसत नसतं. नवी मंडळी एलडीडी (प्रोग्रॅमला लागणाऱ्या लायब्ररींची यादी देणारी कमांड) चालवतात, सगळ्या लायब्ररी सापडल्या म्हणून निर्धास्त होतात आणि लॉगमध्ये चुका येतच राहतात. (अनोळखी फाइलवर एलडीडी चालवूच नका, काही वेळा ते ती फाइलच चालवतं. रीडएल्फला डॅश डी देऊन ‘नीडेड’च्या ओळी वाचा.) एलडीडी सांगतं ते सुरुवातीला लागणाऱ्या लायब्ररींबद्दल. काम चालू असताना प्रोग्रॅम ज्या मागून उघडतो, त्या या यादीत येत नाहीत.

होस्टनेम शोधणाऱ्या लिबएनएसएसच्या फाइली अशाच. डेबियनमध्ये पोस्टफिक्सच्या बऱ्याच प्रोसेस परंपरेने सीएचरूटमध्ये चालत आल्या आहेत, म्हणजे त्यांचं सगळं जग स्पूलच्या (मेलची रांग ठेवायच्या) फोल्डरपुरतं. त्यात रिझॉल्व्ह.कॉन्फची किंवा, ग्लिबसी जुनी असेल तर, लिबएनएसएस_डीएनएसची प्रत नसेल, तर तुमच्या शेलमधून डीएनएस उत्तम चालतं आणि पोस्टफिक्स म्हणतं डोमेन सापडत नाही. ग्लिबसी अपडेट झाली पण आतली प्रत जुनीच राहिली, तरी तेच. मग लोक फायरवॉलवाल्यांशी भांडत बसतात.

लॉगिनचंही तसंच आहे. लिबएसएएसएल२ जागेवर असली तरी लॉगिनच्या प्रत्येक पद्धतीचा प्लगइन ही वेगळी शेअर्ड लायब्ररी (एसओ फाइल) असते, एसएएसएल२ नावाच्या फोल्डरमध्ये. प्लेन (साधं नाव आणि पासवर्ड) या पद्धतीचा प्लगइन वेगळ्या पॅकेजमध्ये असतो आणि तो राहून गेला की ‘नो मेकॅनिझम अव्हेलेबल’ अशी तक्रार येते. पासवर्ड बदलून काही होत नाही.

आणि एलडी_लायब्ररी_पाथ, म्हणजे लायब्ररी कुठे शोधायच्या ते लोडरला सांगणारा एन्व्हायर्न्मेंट व्हेरिएबल. जुन्या लायब्ररी एका फोल्डरमध्ये ठेवून हा व्हेरिएबल लावला की झालं, असं वाटतं. पण सेटयूआयडी किंवा सेटजीआयडी (चालवणाऱ्याच्या नव्हे, फाइलच्या मालकाच्या किंवा गटाच्या अधिकाराने चालणारा) प्रोग्रॅम दुसऱ्या ओळखीने चालू लागला की लोडर सुरक्षेसाठी या व्हेरिएबलकडे काणाडोळा करतो. एक्झिम सहसा सेटयूआयडी रूट असतो. रूट म्हणून चाचणी घेतली तर ओळख बदलत नाही, त्यामुळे सगळं पास; साध्या युजरच्या क्रॉनने (ठरल्या वेळी आपोआप चालणाऱ्या कामाने) मेल पाठवली की नापास. पोस्टफिक्स तर ठरावीक नावं सोडून बाकी एन्व्हायर्न्मेंट स्वतःच झाडून टाकतं. म्हणून वेगळा फोल्डर वापरायचाच असेल तर एलडीकॉन्फिगमध्ये (लोडरच्या फोल्डरांच्या यादीत) नोंदवा किंवा कंपाइल करताना आरपाथ (प्रोग्रॅममध्येच लिहिलेला लायब्ररीचा पत्ता) द्या, आणि चाचणी त्या त्या प्रोसेसच्याच युजरने घ्या.

लायब्ररी बदलली म्हणजे चालू प्रोसेसने ती घेतली असंही नाही. जुनी फाइल डिस्कवरून गेली तरी मेमरीत तीच राहते, रिस्टार्ट होईपर्यंत. एरवी चालून जाईल, पण सुरक्षेच्या अपडेटला नाही. जानेवारी २०१५ मध्ये जाहीर झालेला ‘घोस्ट’ हा दोष ग्लिबसीच्या गेटहोस्टबायनेम या, होस्टनेम शोधणाऱ्या, फंक्शनांच्या कुळातला होता, २००० सालच्या २.२ आवृत्तीपासूनचा. तो शोधणाऱ्या क्वालिसने प्रात्यक्षिक दाखवलं ते एक्झिमवरच: खास बनवलेली मेल पाठवून सर्व्हरचा ताबा. दुरुस्ती कोडमध्ये २०१३ सालीच झाली होती, पण सुरक्षेची म्हणून कुणी ओळखली नव्हती, त्यामुळे लिनक्सची अनेक स्थिर वितरणं उघडीच राहिली होती. अपडेटनंतर एलएसओएफमध्ये (कुठल्या प्रोसेसने कुठली फाइल उघडली ते दाखवणाऱ्या कमांडमध्ये) ‘डिलिटेड’ किंवा ‘डीईएल’ लिहिलेल्या लायब्ररी शोधा. डेबियनवर नीडरिस्टार्ट हेच काम करतं.

सराव करायचा असेल तर व्हर्च्युअल मशीनवर पोस्टफिक्स बसवा, एखादी एसओ फाइल बाजूला सरकवा आणि एसट्रेसमध्ये (प्रोसेस सिस्टिमकडे काय मागते ते दाखवणाऱ्या साधनात) प्रोसेस कुठकुठे शोधते ते बघा. मुलाखतीत ‘मी मेल सर्व्हर सांभाळला’ या वाक्यापेक्षा हे दहा मिनिटं समजावून सांगता येणं जास्त उपयोगी पडतं. निदान मी तरी उमेदवाराला हेच विचारतो.

बर्कली डीबी मी मुद्दाम शेवटी ठेवली, कारण तिथे लायब्ररीबरोबर डेटाही अडकतो. पोस्टफिक्स आणि सेंडमेल दोघेही कंपाइल करतानाची आणि चालतानाची आवृत्ती ताडून बघतात आणि जुळली नाही तर काम नाकारतात. त्यात २०१३ च्या ६.० आवृत्तीपासून ओरॅकलने परवाना बदलून एजीपीएल हा जास्त अटींचा मुक्त परवाना केला, तेव्हा अनेक वितरणं ५.३ वरच थांबली आणि आता ती लायब्ररी काढून टाकण्याकडे कल आहे. एलियाससारख्या तक्त्यांची मूळ टेक्स्ट फाइल असते, तिच्यापासून नव्या यंत्रावर पोस्टमॅप किंवा न्यूएलियासेसने तक्ता पुन्हा तयार होतो. एसएएसएलडीबी२सारख्या (लॉगिनचे पासवर्ड ठेवणाऱ्या) फाइलची मात्र टेक्स्ट प्रत कुठेच नसते. जुनं यंत्र चालू आहे तोवर, त्याच यंत्रावरच्या डीबी_डंपने तिची टेक्स्ट प्रत काढून घ्या. तिच्यात पासवर्ड उघडे असू शकतात, तेव्हा फाइलची परवानगी फक्त रूटपुरती ठेवा आणि आयात झाल्यावर ती पुसून टाका.